हळदीच्या पुडीवरचं अक्षर

पुसेगावहून आम्ही बोलतोय. मागच्या वेळी आपण हळद उकडण्यापासून दळण्यापर्यंतचा हिशेब मांडला होता. आज त्याच हळदीच्या पुडीवर जे छापतात, त्याबद्दल बोलायचं आहे. विषय अक्षराचा आहे, चित्राचा आहे आणि थोडा आमच्या झालेल्या नुकसानीचाही आहे.

आमच्या गटानं हळद पावडरीसाठी दोन हजार लेबलं छापून घेतली. मजकूर एका ठिकाणी टाईप केला, फाईल पेन ड्राइव्हवर घेतली आणि छपाईला दुसरीकडे दिली, कारण तिथं दर कमी होता. छापण्याआधी नमुना मोबाईलवर आला. हळकुंडाचं चित्र सुरेख, पिवळा रंग झकास. आम्ही सगळ्यांनी मिळून ‘छान आहे’ असं कळवलं. मोबाईल हातोहात फिरला, पण बारीक मजकूर कुणीच वाचला नाही.

गठ्ठे घरी आले. आमच्या गटात एक मावशी आहेत. पन्नाशी उलटल्यावर त्या अक्षर शिकल्या. त्यामुळे दिसेल ते बोट ठेवून मोठ्यानं वाचायची त्यांना सवय. त्यांनी लेबल हातात घेतलं आणि म्हणाल्या, “अगं, हे मला येत नाही का छापणाऱ्याला येत नाही?” वर मोठं नाव बरोबर होतं. खाली मात्र घटक, वजन, गटाचं नाव या जागी इंग्रजी अक्षरांचा आणि खुणांचा नुसता काला. मध्येच ‘ळ’च्या जागी रिकामी चौकट. दीड रुपयाला एक, म्हणजे तीन हजार रुपये पाण्यात. टाईप करणारा म्हणाला, माझ्याकडे बरोबर दिसत होतं. छापणारा म्हणाला, आलं तसं छापलं. दोघंही खरंच बोलत होते. आणि न वाचता होकार देणाऱ्या आम्हीच होतो.

मग मैत्रिणींनी प्रश्न विचारायला सुरुवात केली. फॉन्ट म्हणजे काय? एका संगणकावरचं मराठी दुसऱ्यावर का मोडतं? फोटो मोठा केला की का फाटतो? पडद्यावरचा रंग कागदावर का उतरत नाही? उत्तरं शोधता शोधता आम्ही दोनशे वर्षं मागं गेलो. कारण ‘ळ’ची जागा रिकामी राहण्याची गोष्ट संगणकाच्या फार आधी सुरू झालेली आहे.

आधी अक्षर हाताचं होतं. आपल्याच जिल्ह्यातल्या नर्सीचे नामदेव आणि शेजारच्या गंगाखेडच्या जनाबाई यांचे अभंग शेकडो वर्षं तोंडातोंडी आणि हातांनी उतरवलेल्या वह्यांतून टिकले. पोथी बाळबोध अक्षरात असायची, म्हणजे आज आपण लिहितो तशा देवनागरीत. हिशेब, पत्रं, जमिनीचे कागद मोडीत असायचे. मोडी म्हणजे बोरू न उचलता भराभर लिहायची लिपी. आपल्याकडे निजामाचं राज्य १९४८ सालापर्यंत होतं आणि सरकारी कारभार उर्दूतून चालायचा. त्यामुळे कित्येक घरांच्या पेटीत एक कागद मोडी, एक उर्दू आणि पोथी बाळबोध असा प्रकार. ज्या घरात वाचता येणारं कुणी नाही, तिथं तिन्ही सारखेच मुके.

छापखाना आपल्या किनाऱ्यावर फार लवकर आला. गोव्यात १५५६ साली पोर्तुगिजांनी यंत्र उतरवलं. फादर स्टीफन्स यांचं ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ साली छापलं गेलं. भाषा मराठी, पण अक्षरं रोमन, म्हणजे इंग्रजीची असतात ती. कारण देवनागरीचे खिळे नव्हते. खिळा म्हणजे शिशाचा लहान तुकडा, त्याच्या डोक्यावर उलटं अक्षर. आज आपली मुलं मोबाईलवर ‘kashi aahes’ अशा इंग्रजी अक्षरांनी मराठी लिहितात, तेव्हा चारशे वर्षांपूर्वीची तीच अडचण आठवते. भाषा आपली असून अक्षर उसनं.

पुढं १८०५ साली मिरजेत गंगाधरराव पटवर्धनांच्या आश्रयानं भगवद्गीता छापली गेली. तिच्यासाठी खिळे नव्हते, तर तांब्याच्या पत्र्यावर अक्षरं कोरली होती. भांडी घडवणाऱ्या तांबटाचं कौशल्य पोथीच्या कामी आलं. त्याच १८०५ साली दूर बंगालात श्रीरामपूरला विल्यम कॅरी यांचं मराठी व्याकरण देवनागरी खिळ्यांनी छापून निघालं. ते खिळे घडवण्यामागे पंचानन कर्मकार आणि त्यांचे जावई मनोहर यांची कारागिरी होती. १८१० साली कॅरींचा मराठी कोश निघाला, त्यासाठी चक्क मोडी खिळे पाडले होते. पण मोडीत अक्षरं एकमेकांना गुंतलेली. त्यांचे सुटे तुकडे करणं अवघड. छापखान्यात आणि शाळेच्या पुस्तकात बाळबोध बसली आणि मोडी दप्तरात राहिली. लिपी टिकते की मागं पडते, हे यंत्रात ती सहज बसते की नाही यावरही ठरतं.

आता खिळा कसा व्हायचा ते ऐका, म्हणजे फॉन्ट कळेल. आधी पोलादी सळईच्या टोकावर अक्षर उलटं कोरायचं. तो ठसा तांब्यावर ठोकून साचा करायचा. साच्यात वितळलेलं शिसं ओतलं की एक खिळा तयार. ‘क’चे पुष्कळ, ‘ळ’चे बरेच, ‘ङ’चे दोन-चार असे पाडून लाकडी खणांत मांडायचे. एकाच वळणाच्या सगळ्या अक्षरांचा हा संच म्हणजेच फॉन्ट, टंक. मसाल्याच्या डब्यासारखं समजा. डब्यात जिऱ्याची वाटीच नसेल, तर फोडणीत जिरं पडणार कुठून?

इंग्रजीला वाट्या थोड्या लागतात. आपल्याला कितीतरी जास्त. क, का, कि, की, कु, कू. त्यात क्ष, त्र, द्ध, श्च. वर वेलांटी, मात्रा, रफार, खाली उकार. मुंबईच्या अमेरिकन मिशन छापखान्यात थॉमस ग्रॅहम यांनी यावर काम केलं. काना-मात्रा वेगळ्या पाडून अक्षराभोवती जुळवायची पद्धत तिथं घडत गेली. एका ओळीसाठी तीन थर. वर मात्रांचा, मधे अक्षरांचा, खाली उकारांचा. जुळवणाऱ्याचा हात चुकला की मात्रा शेजारच्या अक्षरावर. आपण ज्याला अक्षर मोडलं म्हणतो, ते तेव्हाही मोडायचं.

या खटपटीला एक सोपी वाटही होती. शिळाछाप. गुळगुळीत दगडावर तेलकट शाईनं लिहायचं, दगड ओला करायचा, मग वरून शाई फिरवायची. पाणी आणि तेल एकत्र येत नाही हे आपण रोज कढईत बघतो. ओल्या जागी शाई बसत नाही, तेलकट अक्षरावर बसते. यात खिळे लागत नाहीत, जसं हाताचं वळण तसं छापतं. मुंबईच्या गणपत कृष्णाजी यांनी असा छापखाना उभा केला आणि १८३१ साली मराठी पंचांग छापलं. छापलेलं पंचांग बाटेल, अशी शंका घेणारे लोक त्या काळी होते. आज तेच पंचांग भिंतीवर खिळ्याला टांगलेलं असतं आणि दुधाचा हिशेबही आपण त्यावरच मांडतो.

आम्हाला या सगळ्यांत जवळचे वाटले ते जावजी दादाजी. जन्म १८३९, घर गरिबीचं, शाळा थोडीच. लहानपणीच ते अमेरिकन मिशन छापखान्यात खिळे घासायच्या कामाला लागले. दिवसभर शिशाचे तुकडे घासून गुळगुळीत करायचे. असं काम करणाऱ्याकडे कुणी वळून बघत नाही. पण घासता घासता या मुलाच्या नजरेत अक्षर बसलं. १८६४ साली त्यांनी स्वतःचा खिळे पाडायचा कारखाना काढला आणि १८६९ साली निर्णयसागर छापखाना. त्यांचे मित्र राणोजी रावजी आरू यांच्या हातात ठसे कोरायची कला होती. या दोघांच्या मेळातून निघालेलं अक्षर इतकं ठसठशीत आणि देखणं होतं की निर्णयसागरच्या संस्कृत आणि मराठी पुस्तकांना देशभर मान मिळाला. आपल्या आजीच्या पोथीचं अक्षर आठवा. गोल, काळंभोर, ओळीत बसलेलं. ते वळण त्याच घराण्यातलं.

मैत्रिणींनो, गटात काम करताना आपण म्हणतो, आम्ही नुसत्या पुड्या भरतो. जावजी नुसते खिळे घासत होते.

पुढं सगळ्यांची धडपड एकच राहिली, खिळे कमी कसे करायचे. लोकमान्य टिळकांनी त्यात लक्ष घातलं. सावरकरांनी ‘इ’ऐवजी ‘अि’ आणि ‘उ’ऐवजी ‘अु’ लिहायचं सुचवलं, म्हणजे स्वरांचे वेगळे खिळे वाचतील. जुनी पुस्तकं चाळताना असं ‘अि’ दिसलं तर ती छपाईची चूक समजू नका. मग टंकलेखन यंत्र आलं. त्यावर जागा जेमतेम. म्हणून अर्धं अक्षर मारायचं आणि पुढं दांडी जोडायची. अर्धा ‘प’, मग दांडी, झाला ‘प’. तहसिलीतले जुने टाईप केलेले कागद बघा, जोड स्पष्ट दिसतो.

आता आमच्या लेबलाकडे येऊ. संगणक आला तेव्हा तो इंग्रजी अक्षरांपुरताच तयार होता. मराठी दाखवायला लोकांनी युक्ती केली. इंग्रजी अक्षराच्या खणात मराठी अक्षराचं चित्र ठेवलं. संगणकाला वाटतं आपण इंग्रजी कळ दाबली, पडद्यावर दिसतो ‘ह’. पण प्रत्येक फॉन्ट बनवणाऱ्यानं खण आपल्या मर्जीनं भरले. फाईल दुसऱ्या संगणकावर गेली आणि तिथं तो फॉन्ट नसला की मुखवटा गळतो आणि आतलं इंग्रजी उघडं पडतं. आमचं लेबल असंच उघडं पडलं. वरचं मोठं नाव तेवढं चित्र करून ठेवलेलं होतं, म्हणून वाचलं.

यावर उपाय निघाला तो युनिकोडचा. त्याची पहिली आवृत्ती १९९१ साली आली आणि देवनागरी तिच्यात पहिल्यापासून आहे. जगातल्या प्रत्येक अक्षराला स्वतःचा कायमचा क्रमांक, आपल्या आधारसारखा. ‘ह’चा २३६१, ‘ळ’चा २३५५, ‘द’चा २३४२. संगणक पुसेगावचा असो की परदेशातला, २३५५ म्हणजे ‘ळ’च. पण क्रमांक असून भागत नाही, त्या क्रमांकाचं चित्रही फॉन्टमध्ये असावं लागतं. हिंदीला ‘ळ’ क्वचितच लागतो. म्हणून मराठीसाठी फॉन्ट घेताना आधी ‘हळद’, ‘डाळ’, ‘दऱ्या’ आणि ‘ॲप’ हे चार शब्द लिहून बघायचे. चारही नीट आले तर पुढचं काम.

या कामामागंही आपल्याकडचे हात आहेत. पुण्याच्या सी-डॅकनं भारतीय भाषा संगणकावर आणायचं मोठं काम केलं. र. कृ. जोशी हे सुलेखनकार आणि कवी, १९३६ सालचा जन्म. जाहिरातीच्या क्षेत्रात काम केलं, पवईच्या आयआयटीत अक्षररचना शिकवली. त्यांनी घडवलेला ‘मंगल’ हा देवनागरी फॉन्ट विंडोज २००० पासून संगणकासोबतच येऊ लागला. मुंबईच्या ‘एक टाईप’ या मंडळींनी ‘मुक्ता’ आणि ‘बलू’ असे फॉन्ट केले, ते कुणालाही फुकट वापरता येतात. त्यासाठी चोरीची सीडी लागत नाही आणि आपल्या मालावर ते वापरायला परवानगीही आहे.

ताईंचा एक प्रश्न होता, ‘ल’ आणि ‘श’ कधी वेगळे का दिसतात? मराठी वळणाचा ‘ल’ दोन पाकळ्यांचा आणि ‘श’ला देठ. हिंदी वळणात ‘ल’ दांडीचा. राज्य शासनानं २००९ साली देवनागरी लिपी आणि वर्णमालेबद्दल निर्णय काढला आणि २०२२ साली तो सुधारला. शासकीय लिखाणात पाकळीचा ‘ल’ आणि देठाचा ‘श’ असावा असं त्यात ठरलं. आपल्या पुडीवरही तोच शोभतो.

दुसरा प्रश्न, फॉन्ट निवडायचा कसा? कमल शेडगे यांनी नाटकांची शीर्षकं लिहिली, त्यांत हेच शिकायला मिळतं. नाटक भयाचं की हसायचं हे अक्षर बघूनच कळायचं. म्हणून मंगळसूत्राच्या जाहिरातीचं नक्षीदार अक्षर आपल्या पुडीच्या वजनाला देऊ नये. नाव देखणं चालेल. वजन, घटक, किंमत, तारीख आणि अन्न परवान्याचा क्रमांक मात्र साध्या, ठळक अक्षरात. चाळिशीनंतरच्या डोळ्यांना चष्म्याशिवाय वाचता यावं, हीच आमची कसोटी.

ही कला शहराचीच आहे असंही नाही. किर्लोस्करांनी लोखंडी नांगर केला तेव्हा लोखंडानं जमीन विषारी होते असा शेतकऱ्यांचा समज होता. सुरुवातीला नांगर खपेना. लोकांना समजेल असं चित्रांतून, शब्दांतून सांगावं लागलं. चित्रकला शिकलेले शंकरराव किर्लोस्कर या कामात होते. किर्लोस्करवाडीसारख्या माळरानावरच्या गावातून १९२० साली मासिक निघालं आणि १९३० साली बायकांसाठी ‘स्त्री’. नांगराच्या जाहिरातीतून सुरू झालेली वाट बायकांच्या वाचनापर्यंत गेली.

आता चित्राचं. वर्तमानपत्रातला जुना फोटो भिंगातून बघा, नुसते ठिपके दिसतील. मोठे ठिपके म्हणजे गडद, लहान म्हणजे फिकट. मोबाईलचा फोटोही तसाच, फक्त बारीक चौकोनांचा. त्याला पिक्सेल म्हणतात. छपाईला साधारण एका इंचात ३०० पिक्सेल लागतात. फोटो ९०० पिक्सेल रुंद असेल तर तो तीन इंचापर्यंतच स्वच्छ छापेल. ताणला की फाटतो, जसं पाच मीटरच्या लुगड्याचं नऊवारी होत नाही. व्हॉट्सॲपवर फोटो नुसता पाठवला तर तो आकसतो. म्हणून छपाईला देताना ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवायचा.

रंगाचंही तसंच. पडदा उजेडानं रंगवतो, लाल, हिरव्या आणि निळ्या. कागद शाईनं रंगतो, आकाशी, गुलाबी, पिवळी आणि काळी. पडद्याची झळाळी शाईत येत नाही. म्हणून रंग ठरवायचा तो कागदावरच्या नमुन्यावरून.

फोटोशॉप १९९० साली बाजारात आलं. थॉमस आणि जॉन नोल या भावांचं ते काम. पण चित्रात फेरफार त्याआधीही होत होते. ‘नॅशनल जिऑग्राफिक’ या नामांकित मासिकानं फेब्रुवारी १९८२ च्या मुखपृष्ठावर उभ्या पानात बसावेत म्हणून इजिप्तचे पिरॅमिड संगणकानं जवळ सरकवले. चित्र सुंदर दिसलं, पण वाचकांचा विश्वास दुखावला. दगडाचे डोंगर सरकवता येतात, तर बाकी काय खरं?

आमच्याही बाबतीत तेच झालं. लेबलावर हळदीचा रंग वाढवला होता. बाजारात एका बाईनं पुडी फोडली, चित्र बघितलं, पावडर बघितली आणि विचारलं, “यात रंग मिसळता का, का चित्रात मिसळलाय?” हळदीत लेड क्रोमेटसारखा विषारी रंग मिसळणारे लोक असतात, हे तिनं ऐकलं होतं. आमची हळद शुद्ध, पण संशय आमच्याच चित्रानं पेरला. फोटोतला अंधार कमी करणं, कडा कापणं, मागचा पसारा काढणं यात गैर नाही. पण पुडीत जे नाही ते पुडीवर दाखवायचं नाही, असा ठराव आम्ही गटाच्या वहीत लिहिला आहे.

नवी लेबलं आम्ही महिन्याभरानं छापली. आमच्याच टेरेसवर वाळलेल्या हळकुंडांचा फोटो, सकाळच्या उजेडात काढलेला. मजकूर युनिकोडमध्ये. छपाईला पीडीएफ दिली, फॉन्ट आत बांधून, म्हणजे अक्षरं वाटेत सांडत नाहीत. आणि एक नियम केला. कागदावरचा नमुना आधी मावशींच्या हातात द्यायचा. ज्यांना भराभर वाचता येतं ते शब्द बघून पुढं जातात. मावशी अक्षर अक्षर लावून वाचतात, म्हणून त्यांना चूक सापडते. जुन्या छापखान्यात या कामाला मुद्रितशोधक नावाचा माणूस असायचा आणि त्याच्या सहीशिवाय यंत्र फिरायचं नाही.

त्या दिवशी मावशींनी नमुना दोनदा वाचला. गटाचं नाव, गाव पुसेगाव, तालुका सेनगाव, जिल्हा हिंगोली. मग पेन मागितला आणि खाली सही केली. अंगठा उठवण्यात ज्यांचा अर्धा जन्म गेला, त्यांच्या सहीवर आमची दोन हजार लेबलं छापली गेली. ‘हळद’ मधला ‘ळ’ आपल्या जागी होता.

तुमच्या गटाच्या पुड्या, पाट्या, पावतीपुस्तकं एकदा बाहेर काढा. एकीनं मोठ्यानं वाचा, बाकीच्यांनी ऐका. काय सापडलं ते आम्हाला जरूर कळवा.